झाडून दिलेली डिस्क

आमच्या नाटक मंडळीत सेट लावणारे पुष्कळ होते, मोडणारा एकच होता. लावायला कुणीही हौसेने हात लावतो, कारण डोळ्यांसमोर काहीतरी उभं राहत असतं. मोडायच्या वेळी नट तोंडाचा रंग पुसत असतात, प्रेक्षक बाहेर आपापली वाहनं शोधत असतात आणि ज्याला त्याला घर दिसू लागलेलं असतं. त्या पळापळीत जो माणूस एकेक खिळा सरळ करून डब्यात टाकत बसायचा, त्याच्याबद्दल मला लिहायचं आहे.

त्याला आम्ही पाचर म्हणायचो. खरं नाव होतं, पण ते त्याची आई आणि दवाखाना सोडून कुणी वापरलं नाही. खिशात कायम लाकडाच्या लहानमोठ्या पाचरी असायच्या. जगातला कुठलाही रंगमंच सपाट नसतो, असं त्याचं ठाम मत. कुठे ना कुठे एखादी फळी खचलेली असते आणि मग भिंत डुगडुगते, खिडकी वाजते, दार आपोआप उघडतं. एकदा भर अंकात मी नाटकातल्या संसाराला लाथ मारून, दार धाडकन आपटून निघून गेले. मी गेले, पण दार काही लागलं नाही. माझ्यामागे हळूच उघडलं, आणि विंगेत उभी राहून मी पदराने घाम पुसते आहे हे सगळ्या प्रेक्षकांनी पाहिलं. काय हशा झाला! दुसऱ्या दिवशी पाचर माझ्याकडे आला आणि अगदी गंभीर चेहऱ्याने म्हणाला, "ताई, आता खुशाल जा. पाचर मारलीय. परत यायचं म्हटलंत तरी दार उघडणार नाही."

मोडण्याची त्याची एक पद्धत होती. प्रत्येक तुकड्याच्या पाठीवर खडूने आकडा. ज्याच्यावर आकडा आहे तो आपला, तो ट्रकमध्ये जाणार. ज्याच्यावर नाही तो आपला नाही. ट्रक भरला की हा केरसुणी घेऊन परत आत यायचा आणि अख्खा रंगमंच झाडायचा. पुढचा भाग तर झाडायचाच, विंगांच्या मागचा कोपराही, जिथे दिवा नेल्याशिवाय दिसत नाही तोही. मग पहारेकऱ्याला बोलावून म्हणायचा, "बघून घ्या. आम्ही आलोच नव्हतो."

"अरे बाबा, उद्या दुसरी मंडळी येऊन घाण करणारच आहेत," मी गाडीतून ओरडायचे. पाय ठणकत असायचे, पोटात कावळे ओरडत असायचे.

"ते त्यांचं ते बघतील. आपल्यामागे आपलं काही राहायला नको," तो म्हणायचा.

पुढे मंडळी बंद पडली. नाटक मंडळ्या बंद पडतात तशीच पडली, आवाज न होता. सेट एका गोदामात होते. गोदामाच्या मालकाला जागा हवी झाली, तेव्हा कुणी तरी ते लाकडाच्या भावात काढून टाकले. पाचरला कळलं तेव्हा जिने, कमानी, झरोके सगळं फोडून झालं होतं. फोटो म्हणाल तर आमच्याकडे पेट्या भरभरून आहेत, पण फोटोग्राफर नटांचे फोटो काढतात. माझ्या प्रत्येक फोटोत मी आहे, माझं नाक आहे, माझा हात आहे, आणि मागे धुरकट असा भिंतीचा एखादा तुकडा. त्या भिंतीसाठी पाचरने किती रंग कालवून बघितले होते ते फोटोत कसं येणार?

त्याला एक मुलगी. तिला तो मॅनेजर म्हणायचा, कारण ती पाळण्यात असल्यापासून सगळ्यांना कामाला लावायची. शाळेत असतानाच तिला स्नायूंचं दुखणं लागलं. आधी जिना चढताना कठड्याला धरू लागली, मग चालताना भिंतीला, आणि मोठी होईपर्यंत पलंगावर आली. बुद्धी लखलखीत, जीभ त्याहून. एकदा मी तिला म्हटलं, "मॅनेजर, कशी आहेस?" तर म्हणते, "आत्या, बसून आहे. तुम्ही पण निवृत्त झाल्यावर तेच करताय ना?"

त्यांच्या दोन खोल्या. पुढच्या खोलीत तिचा पलंग खिडकीला लावलेला, उशाशी कॉम्प्युटर. पाचरने पलंगाला स्वतःच्या हातांनी एक फिरतं फळकूट बसवून दिलं होतं, म्हणजे पडदा तिच्या डोळ्यांच्या रेषेत येईल. वहिनी, म्हणजे त्याची बायको, दवाखान्याच्या चादरी शिवायच्या कामावर जायची. पाचर घर सांभाळायचा.

त्या कॉम्प्युटरवर एक गेम होता. सगळं जग चौकोनी ठोकळ्यांचं. जमीन खणायची, ठोकळे मिळवायचे, आणि त्यांचं हवं ते बांधायचं. मला आधी तो लहान मुलांचा खेळ वाटला. एक दिवस मॅनेजरने बापाला विचारलं, "बाबा, तुम्ही सांगायचा ना, एका नाटकात दोन वळणांचा जिना होता म्हणून, तो नेमका कसा होता?"

पाचर स्टूल ओढून बसला आणि सांगू लागला. तो सांगत गेला, ती लावत गेली. तिथून जे सुरू झालं ते वर्षानुवर्षं चाललं. आमच्या मंडळीच्या एकेका नाटकाचा सेट त्या दोघांनी पुन्हा उभा केला. त्यातले बहुतेक तिने कधी पाहिलेही नव्हते. मी एकदा त्यांचं काम बघत बसले होते.

"तो खांब एक घर मागे घे."

"बाबा, तो खांब कुणाला दिसतो तिथे?"

"शेवटच्या रांगेत डाव्या कोपऱ्यात बसलेल्या माणसाला दिसतो."

"त्या माणसाने चांगलं तिकीट काढायचं मग."

"मॅनेजर, मागे घे."

"घेते, घेते. कामगार म्हणजे काय बैल वाटले की काय!"

एक लांब रस्ता केला होता त्यांनी त्या ठोकळ्यांच्या जगात. रस्त्याच्या कडेने एकापुढे एक रंगमंच, प्रत्येकावर एक नाटक उभं, प्रत्येकासमोर खुर्च्या. एक दिवस फोन आला, "आत्या, तुमचं घर बांधून झालंय. ताबा घ्यायला या." गेले. जे नाटक मी सगळ्यात जास्त वर्षं केलं, ज्यात एक बाई फार दिवसांनी आपल्या घरी परत येते, त्याचा सेट पडद्यावर उभा होता. मॅनेजर मला त्या जगात चालवत नेत होती. पायऱ्या उतरून आत, खिडकीजवळ, आतल्या खोलीच्या पडद्याशी. तो कोनाडासुद्धा होता, ज्यात मी दुसऱ्या अंकात पाण्याचा ग्लास ठेवायचे. मला रडायला ग्लिसरीन कधी लागलं नाही. त्या दिवशी थांबायला काहीतरी मिळालं असतं तर बरं झालं असतं.

पाचर मला पोचवायला खाली आला तेव्हा म्हणाला, "ताई, डोकं हलकं झालं बघा. इतकी वर्षं सगळी मापं डोक्यात घेऊन हिंडत होतो. कुणाच्या हवाली करावीत कळत नव्हतं. आता ठेवली एका जागी."

पण ते काम जसजसं पुढे सरकत होतं तसतसे तिचे हात मागे येत होते. पहिला जिना तिने दोन्ही हातांनी धडाधड बांधला होता. मग डावा हात गेला. मग तिच्यासाठी वेगळा माउस आणला, त्यावर लिंबाएवढा गोळा बसवलेला, तो नुसत्या बोटाने फिरवायचा. शेवटचा सेट एक अंगठा आणि एक बोट यांच्यावर झाला. एकेका ठोकळ्याला इतका वेळ लागायचा की पाचर मध्ये उठून कुकर लावून यायचा. डॉक्टरांनी सांगितलं होतं की हे बोटही आता फार दिवस साथ देणार नाही. तिला माहीत होतं. म्हणून शेवटचे दोन सेट तिने हट्टाने पुरे केले. "बघा, पडदा पडायच्या आत संपवलं," असं मला म्हणाली आणि स्वतःच हसली.

त्यानंतर ती रोज त्या रस्त्याने फेरी मारायची. बांधायचं काही नव्हतं, पण चालायला ते एक बोट पुरत होतं. कुठल्या तरी रंगमंचावर चढायची, उभी राहायची, समोरच्या रिकाम्या खुर्च्यांकडे बघायची, कधी खाली उतरून स्वतःच खुर्चीत बसायची. वहिनी कामावर निघताना विचारायची, "काय गं, आज कुठे जाणार?" आणि ती सांगायची, "आज जरा राजवाड्यात जाऊन येते, आई."

मग त्या कॉम्प्युटरमधली जुनी डिस्क वाजायला लागली. आतून कट्, कट् असा आवाज. पाचरला असले आवाज लगेच ऐकू येतात. कोपऱ्यावर कॉम्प्युटर दुरुस्तीचं दुकान आहे, ते एक बाई चालवते. तिने कान लावला आणि म्हणाली, "काका, ही आता केव्हाही जाईल. नवी बसवून देते. गेम त्यात हलवता येतात, मेनूतच सोय असते." तिने नवी डिस्क जुनीच्या शेजारी बसवली, कॉम्प्युटर नवीवरून सुरू होईल असं केलं, गेम कसे हलवायचे ते पाचरला एक गेम हलवून दाखवलं, आणि गेली. जाताना एवढं म्हणाली, "जुनी पुसायची तर तिच्यावर काही राहिलंय का ते बघून घ्या आधी."

त्याच सुमारास मॅनेजरला श्वासाचा त्रास झाला. वहिनी तिच्याबरोबर दवाखान्यात राहिली. पाचर दिवसा डबा पोचवायचा आणि घरी यायचा. रिकाम्या घरात, रिकाम्या पलंगाशेजारी तो काय करणार? त्याने ठरवलं, पोरगी घरी येईपर्यंत सगळं नव्या डिस्कवर हलवून ठेवायचं. तिला आल्या आल्या दाखवायचं.

त्याने ते कसं केलं ते मला त्यानेच नंतर सांगितलं, पुन्हा पुन्हा सांगितलं, जणू एखाद्या वेळी सांगताना शेवट वेगळा होईल. त्याने एकेक गेम निवडला, मेनूत जाऊन हलवा म्हणून सांगितलं, पट्टी भरत गेली. प्रत्येक हलवलेला गेम उघडून पाहिला. चित्र आलं, संगीत वाजलं, बंद केला. मग त्याने जुन्या डिस्कमध्ये डोकावून पाहिलं. तिथे अजून काही फोल्डर होते. एकात एक, एकात एक, आणि सगळ्यात आत बारक्या बारक्या फायली, नावांच्या जागी नुसती अक्षरं आणि आकडे. त्याने एक उघडली. पडद्यावर न वाचता येणारा कचरा सांडला. हलवलेल्या गेमच्या यादीत यांचं नाव नव्हतं. यादीतलं सगळं तर ट्रकमध्ये चढलं होतं. हा खाली सांडलेला भुसा असणार, त्याला वाटलं.

आणि मग जन्मभर जे केलं तेच त्याने केलं. जागा रिकामी केली, आता ती झाडून द्यायची. डिस्क साफ करायच्या खिडकीत 'झटपट' अशा शब्दापुढे एक खूण होती. पाचर आणि झटपट! त्याने ती खूण काढून टाकली. पूर्ण साफ. सकाळी लावलं ते संध्याकाळपर्यंत चाललं. तो समोर बसून राहिला होता.

मॅनेजर घरी आली त्या दुपारी मला मुद्दाम बोलावलं होतं. "ताई, या. पहिल्या रांगेत जागा ठेवलीय." गेले. पोरगी दवाखान्यातून येऊन आणखी बारीक झाली होती, पण डोळे तसेच. वहिनी उशी सारखी करत होती. पाचरने फळकूट फिरवून पडदा तिच्यासमोर आणला, तिचं बोट गोळ्यावर ठेवलं आणि माझ्याकडे वळून म्हणाला, "तिसरी घंटा झाली म्हणून समजा."

गेम क्षणात उघडला. पूर्वी तो उघडेपर्यंत पाचर चहा ठेवून यायचा.

"बाबा! एवढ्यात?"

"नवी डिस्क. सगळं हलवलंय. जुनी वाजत होती ना, तुझ्या डोक्याशी कटकट नको म्हटलं."

"तुम्ही हलवलंत? एकट्यांनी?"

"का? आम्ही कधी काही हलवलंच नाही का?"

ती हसली, बोट फिरवलं, एक कळ दाबली. पडद्यावर एक रिकामी चौकट आली. ती थांबली. मागे गेली, पुन्हा आली. तीच चौकट.

"बाबा, आपलं जग कुठेय?"

"कुठे म्हणजे? आत असेल. नीट बघ."

"यादी रिकामी आहे. इथे आपला रस्ता दिसायचा."

"दिसेल गं. आत्ताच उघडलंस. वेळ दे त्याला."

तिने वेळ दिला. वहिनीचा हात उशीवर तसाच थांबला होता.

"जुनी डिस्क कुठेय?" मॅनेजरने विचारलं. आवाज अगदी बेताचा.

"आतच आहे की. साफ करून ठेवलीय."

"साफ म्हणजे?"

"साफ म्हणजे साफ. अगदी झाडून."

"झटपट केलीत की पूर्ण?"

आणि पाचर, ज्याला अजून काहीच कळलं नव्हतं, छाती फुगवून म्हणाला, "पूर्ण! दिवस गेला त्यात."

मी रंगमंचावर पुष्कळ प्रकारची शांतता ऐकली आहे. प्रेक्षक कंटाळल्याची, प्रेक्षक अडकल्याची, नट वाक्य विसरल्याची. त्या खोलीत त्या वेळी जी पडली ती मला पुन्हा ऐकायची नाही. पोरीने डोळे मिटले आणि म्हणाली, "बरं."

दुकानवाली बाई धावत आली. तिने जुनी डिस्क काढून नेली, दोन दिवस तिच्याशी खटपट केली. परत आली तेव्हा दारातच उभी राहिली. मी होते तिथे. तिने आधी सगळ्यांना समजावून सांगितलं. गेम एका जागी असतो, आणि आपण त्यात जे बांधतो ते दुसऱ्या जागी साठवलेलं असतं. हलवा म्हटलं की गेम हलतो. बांधलेलं हलत नाही, ते हाताने न्यावं लागतं.

पाचर ऐकत होता. म्हणाला, "म्हणजे मी थिएटर उचलून नेलं आणि सेट तिथेच ठेवून जाळले."

"काका, झटपट केलं असतं ना, तर काहीतरी निघालं असतं खालून. पण पूर्ण केल्यावर… दुसरीकडे कुठे प्रत नव्हती का?"

"तीच करायची होती," मॅनेजर म्हणाली, "नव्या डिस्कवर."

दुकानवाली गेल्यावर वहिनी स्वयंपाकाच्या ओट्याशी उभी राहिली, आमच्याकडे पाठ करून. मला वाटलं रडत असेल. रडत नव्हती. वळली आणि म्हणाली, "अहो, जन्मभर लोकांची घरं उभी केलीत आणि मोडलीत. मी कधी एक शब्द बोलले का? पण हे आपल्या घरातलं होतं. याला तरी हात लावायचा नव्हता."

"आई, पुरे," पलंगावरून आवाज आला.

"काय पुरे? तू रोज बाहेर जात होतीस!"

पाचर स्टुलावर बसला होता, हात गुडघ्यांवर उताणे. त्या हातांनी मी दहा माणसांचं वजन पेललेलं पाहिलं आहे. त्या दिवशी कुणी त्यांत चहाचा कप दिला असता तर तोही सांडला असता.

पोरीने त्याला कधी दोष दिला नाही. दिला असता तर त्याला कुठेतरी उभं राहायला जागा झाली असती. ती नुसती म्हणायची, "जाऊ द्या बाबा." पत्त्यांचा एक साधा गेम होता, तो थोडे दिवस खेळली. मग तोही सोडला. मग पडदा बाजूला फिरवून ठेवायला सांगितला, डोळ्यांवर उजेड येतो म्हणून. वहिनीने कामावर निघताना आज कुठे जाणार असं विचारणं बंद केलं.

पाचर दुकानात जाऊन बसू लागला. बाई बिचारी एकदा मला रस्त्यात थांबवून म्हणाली, "तुम्ही सांगा हो त्यांना. रोज येतात आणि विचारतात, नवीन काही मशीन निघालं का, खालचं वाचणारं. मी काय सांगू?" मी त्याला म्हटलं, "अरे, पुन्हा बांधू. तू सांग, तिच्या सूचनांनी आपण लावू. माझे हात आहेत, तुझे आहेत." नाटकवाल्या माणसाची आशा फार स्वस्त असते. एक प्रयोग पडला की दुसऱ्याची तारीख ठरवायची, एवढंच आम्हाला येतं.

तो एक दिवस माझ्या घरी आला. पाणी प्यायला, फुलपात्र खाली ठेवलं आणि विचारलं, "ताई, राजवाड्याला कमानी किती होत्या?"

"तीन ना?"

"मला पाच वाटतात. काल चार वाटत होत्या." त्याने फुलपात्र उगाच बाजूला सरकवलं. "ताई, मला काही आठवत नाहीये. मी आठवायला बसतो आणि मला ठोकळ्यांचंच दिसतं. लाकडाचं दिसतच नाही. आणि ठोकळ्यांचं पण धड दिसत नाही. मी सगळं तिला देऊन टाकलं होतं हो. तिथे आहे म्हटल्यावर इथे कशाला ठेवू?" आणि त्याने कपाळावर बोट ठेवलं.

मी त्याला माझे फोटो काढून दिले. प्रत्येक फोटोत माझं नाक, माझा हात, आणि मागे धुरकट भिंत. त्याने भिंग घेऊन तासभर पाहिले. निघताना परत नीट पेटीत लावून ठेवले.

मागच्या महिन्यात मी पुन्हा त्यांच्याकडे गेले. वहिनी कामावर होती. पलंगावर पोरगी भिंतीकडे तोंड करून होती. तिला कूस बदलायलाही आता दुसऱ्याचे हात लागतात, आणि तिने भिंतीकडेच करून मागितली होती. पाचर स्टुलावर, कीबोर्ड मांडीवर. बोटं एकेक कळ शोधत होती. पडद्यावर हिरवं सपाट मैदान, लांब टोकापर्यंत काही नाही. मध्यभागी एक दार उभं केलेलं. भिंत नाही, उंबरा नाही, नुसतं दार.

"आलात? बरं झालं," तो म्हणाला. "तुमच्याच घराचं करतोय. मला एवढंच सांगा, तुम्ही परत यायचात ते कुठल्या बाजूने? ते कळलं की बाकीचं त्याच्या हिशेबाने लावता येईल."

"उजवीकडून," भिंतीकडून आवाज आला. "तीन पायऱ्या उतरून."

आम्ही दोघंही चमकलो. त्या विषयावर ती इतक्या दिवसांत पहिल्यांदा बोलली होती. पाचर घाईने पुढे वाकला. "उजवीकडून! बरोबर! कुणाच्या उजवीकडून, मॅनेजर? प्रेक्षकांच्या की नटांच्या?"

ज्यांनी रंगमंच पाहिला नाही त्यांच्यासाठी सांगते. आम्ही प्रेक्षकांकडे तोंड करून उभे असतो, म्हणून आमची उजवी बाजू ती त्यांची डावी. सेट लावणारा कामाला लागण्यापूर्वी पहिला प्रश्न हाच विचारतो.

पोरगी म्हणाली, "ते नाही सांगता येत बाबा. मी दोन्हीकडून फिरायचे ना. कधी खुर्चीत बसायचे, कधी वर उभी राहायचे. मला दार दोन्हीकडे आठवतं."

त्याने माझ्याकडे पाहिलं. आणि का पाहू नये? शेकडो प्रयोग मी त्या दारातून आले होते. डोकं विसरेल, पण पाय विसरणार नाहीत, असं आम्ही तरुण पोरींना शिकवायचो. मी खुर्चीवरून उठले. खोलीच्या मधोमध आले. श्वास घेतला, मान वर केली, हातात नसलेलं गाठोडं धरलं, आणि ते पहिलं वाक्य म्हटलं. आवाज अजून खणखणीत आहे माझा. मॅनेजरला बघता यावं म्हणून पाचरने तिला हळूच माझ्या बाजूला वळवलं. मी डोळे मिटून पाऊल टाकलं, आणि वळले.

उजवीकडे वळले. पाचरचा हात कीबोर्डकडे गेलासुद्धा.

पण माझा डावा गुडघा दुखतो. गेली कित्येक वर्षं मी घरात, रस्त्यात, दुकानात, जिथे वळायचं तिथे उजवीकडेच वळते. हे पायांना आठवलेलं नाटक नव्हतं. मी पुन्हा जाग्यावर आले आणि मुद्दाम डावीकडे वळून पाहिलं. तेही खरं वाटलं.

"थांब," मी म्हटलं. "मला माहीत नाही रे."

"आत्ता तर वळलात."

"गुडघ्याने वळवलं. मला नाही माहीत, पाचर."

मला खोटं बोलता आलं असतं. तोंडाला रंग फासून तेच तर करत आले. एक बाजू सांगून टाकली असती तर त्याने तिथून सुरुवात केली असती, भिंत चढली असती, खिडकी आली असती. पण पलंगावरून ती माझ्याकडे बघत होती, आणि तिच्यासमोर मला ते जमेना.

पाचर पडद्याकडे बघत बसला. दार मैदानात उभं होतं. त्याच्या इकडेही गवत आणि तिकडेही गवत.

"बंद करा बाबा," ती म्हणाली.

त्याने एक कळ दाबली. मध्ये एक फळी आली, तिच्यावर शब्द. त्याने चष्मा वर करून वाचले. 'जतन करा आणि बाहेर पडा.' तो खाली-वर शोधू लागला.

"नुसतं बाहेर पडायचं असेल तर?"

"तसं नाही त्यात."

"हे दार जतन न करता?"

"नाही बाबा. एवढंच आहे. दाबा."

त्याने दाबलं.